कामाची वही : कोशातली 'रेसिमिक' ही नोंद

२ जून

त्रिमितीय रसायनाच्या कोशातलं 'र' अक्षर माझ्या वाट्याला आलं. रेट्रोसिंथेसिस आणि रिझोल्यूशन (उजवे-डावे रेणू वेगळे करणं) या नोंदी बऱ्या आहेत, थोडा हात फिरवला की चालतील. अडतंय ते 'रेसिमिक'पाशी. जुन्या मसुद्यात एवढंच आहे : 'उजव्या व डाव्या रेणूंचे समप्रमाणातील मिश्रण, हे ध्रुवित प्रकाशाचे प्रतल फिरवत नाही.' परीक्षेत दोन मार्कांना पुरेल. प्रयोगशाळेत मात्र हा शब्द ज्या तऱ्हेने वापरतात, त्यातलं निम्मंही या ओळीत मावत नाही.

कानावर रोज पडणारी वाक्यं टिपून ठेवली. 'अम्ल रेसिमिक आलंय, रिझॉल्व करावं लागेल.' 'कपलिंगमध्ये रेसिमाइझ झालं वाटतं.' 'हा वितळबिंदू रेसिमेटचा आहे, शुद्ध एनॅन्शिओमरचा नाही.' 'नावाला रॅक लावू की रेल?' शब्द एकच, पण पहिल्या वाक्यात तो बाटलीतल्या मालाबद्दल आहे, दुसऱ्यात घडलेल्या क्रियेबद्दल, तिसऱ्यात स्फटिकाबद्दल आणि चौथ्यात कागदावरच्या नावाबद्दल. नोंद या चारही ठिकाणी टिकली पाहिजे. रिझोल्यूशनचा एक प्रयोगही सोबत करून घ्यायचं ठरवलं, म्हणजे उदाहरण उसनं आणावं लागणार नाही.

५ जून

सुरुवात बाटलीपासून.

एनॅन्शिओमर म्हणजे एकमेकांची आरशातली प्रतिमा असलेले, पण एकमेकांवर न बसणारे दोन रेणू. त्यांची संख्या सारखी असली की तो पदार्थ रेसिमिक. म्हणजे हा गुण रेणूचा नाही, जमावाचा आहे. एक सुटा रेणू उजवा असेल किंवा डावा असेल. तो रेसिमिक असूच शकत नाही. 'रेसिमिक रेणू' हा शब्दप्रयोग शोधनिबंधांच्या मसुद्यांत सर्रास दिसतो आणि तो खोडावा असं माझं स्पष्ट मत आहे. 'कायरल', म्हणजे आपल्या आरसाप्रतिमेवर न बसणारा, हे विशेषण रेणूला लागतं, 'रेसिमिक' नमुन्याला. नोंदीचं पहिलं वाक्य याच फरकावर उभं करायचं.

समप्रमाण येतं कुठून, हेही दोन ओळींत सांगायला हवं. अ‍ॅसिटाल्डिहाइडवर हायड्रोजन सायनाइडची क्रिया करून पुढे लॅक्टिक अम्ल केलं तर ते रेसिमिकच मिळतं. कार्बोनिल गट सपाट असतो, सायनाइड एका बाजूने आला तर एका हाताचा (उजवा किंवा डावा) रेणू तयार होतो, दुसऱ्या बाजूने आला तर दुसऱ्या हाताचा. दोन्ही वाटांवरच्या संक्रमण अवस्था (क्रियेतले सर्वांत जास्त ऊर्जेचे टप्पे) एकमेकींच्या आरसाप्रतिमा असल्याने त्यांची ऊर्जा तंतोतंत सारखी. कुठूनही कायरल प्रभाव आलेला नसेल, तर एका बाजूला झुकतं माप मिळायला कारणच नाही.

तंतोतंत सारखी ऊर्जा म्हणजे तंतोतंत सारखी संख्या मात्र नव्हे. एका मोलमध्ये ६.०२२ × १०^२३ रेणू. प्रत्येकाने नाणं उडवल्यासारखी बाजू निवडली तर निव्वळ योगायोगाने पडणारा फरक या संख्येच्या वर्गमुळाच्या घरात असतो, म्हणजे १०^११ ते १०^१२ रेणू. ऐकायला अवाढव्य, पण एकूण संख्येच्या तुलनेत तो एका दशलक्षांशाच्या दशलक्षांशाएवढा. प्रकाशाचं प्रतल किती फिरलं ते मोजणारा कोणताही पोलॅरिमीटर तो पकडू शकत नाही. हे नोंदीत घालणार नाही, जागा नाही. पण 'अगदी समान' असं लिहिताना हात थोडा आखडता घ्यावा, म्हणून इथे लिहून ठेवतेय.

६ जून

'प्रकाशाचे प्रतल फिरवत नाही' हा जुन्या मसुद्यातला भाग व्याख्येतून काढला. रेसिमिक नमुना प्रतल फिरवत नाही हे खरं. पण जे फिरवत नाही ते रेसिमिक, हे खरं नाही, आणि विद्यार्थी वाचतात ते उलट्याच बाजूने.

टार्टारिक अम्लाचंच घ्या. त्याचा मेसो प्रकार प्रकाश फिरवत नाही, कारण त्या रेणूच्या आतच एक अर्धा भाग दुसऱ्या अर्ध्याची प्रतिमा आहे. तिथे एकाच प्रकारचे रेणू आहेत आणि ते कायरल नाहीत. त्याचं रिझोल्यूशन करायला बसलं तर आयुष्य जाईल. रेसिमिक टार्टारिक अम्लात मात्र दोन प्रकारचे कायरल रेणू आहेत आणि ते वेगळे करता येतात. शून्य दोन्हीकडे आहे, पण एका ठिकाणी ते रेणूच्या आत जमा-खर्च होऊन येतं, दुसऱ्या ठिकाणी रेणू-रेणूंमध्ये.

तिसरं उदाहरण जास्त फसवं. शुद्ध एल-अ‍ॅस्पार्टिक अम्लाचं पाण्यातलं द्रावण खोलीच्या तापमानाला प्रतल उजवीकडे फिरवतं, तापवत गेलं की फिरणं कमी होत जातं, सुमारे ७५ अंश सेल्सिअसला शून्य होतं आणि त्यापुढे डावीकडे वळतं. ७५ अंशांना कोणी ते वाचन घेतलं आणि 'रेसिमिक' असा शेरा मारला तर? नमुन्यात एकच एनॅन्शिओमर आहे, बदललाय तो फक्त आकडा. हे उदाहरण नोंदीत ठेवतेय, त्यासाठी दुसरं काही कापावं लागलं तरी चालेल.

९ जून

इतिहासाचा परिच्छेद. हा कापायला संपादक नेहमी टपलेले असतात, पण या शब्दाच्या बाबतीत इतिहास कापला तर आजच्या वापरातला गोंधळ कळत नाही.

सुरुवातीला 'रेसिमिक' हे एकाच अम्लाचं नाव होतं. १८२० च्या सुमारास आल्सेसमधल्या थान गावी केस्टनर यांच्या कारखान्यात वाइनच्या पिंपांतल्या साक्यापासून टार्टारिक अम्ल काढताना दुसरंच एक अम्ल हाती आलं. गे-ल्युसॅक यांनी त्याला द्राक्षाच्या घोसाच्या लॅटिन शब्दावरून रेसिमिक अम्ल म्हटलं. उजवं-डावं, समप्रमाण, यांतलं तेव्हा कोणाच्या डोक्यातही नव्हतं. बर्झेलियस यांना ते आणि टार्टारिक अम्ल यांची घटना अगदी एक असल्याचं आढळलं आणि १८३० मध्ये अशा जोड्यांसाठी त्यांनी 'आयसोमर' हा शब्द काढला. म्हणजे समघटकतेचा अख्खा विषय ज्या उदाहरणावर उभा राहिला, त्यात हे अम्ल आहे.

मग १८४४ मध्ये मिचरलिख यांनी कळवलं की या दोन्ही अम्लांचे सोडिअम अमोनिअम क्षार सर्व बाबतींत सारखे आहेत. फक्त टार्टारिकचा क्षार प्रकाश फिरवतो, रेसिमिकचा नाही. पाश्चर यांना हे पटेना. १८४८ मध्ये त्यांनी रेसिमिक क्षाराचे स्फटिक निरखून पाहिले, तेव्हा काहींच्या तिरप्या पैलूंचा कल उजवीकडे आणि काहींच्या पैलूंचा डावीकडे दिसला. चिमट्याने एकेक वेचून दोन ढीग केले, वेगवेगळी द्रावणं केली. एकाने प्रतल उजवीकडे फिरवलं, दुसऱ्याने तेवढंच डावीकडे. प्रकाशाच्या घूर्णनाचे जुने अभ्यासक, म्हाताऱ्या बिओंनी विश्वास ठेवायच्या आधी स्वतःजवळचं अम्ल देऊन सगळं डोळ्यांदेखत पुन्हा करून घेतलं. परीक्षक असावा तर असा.

पाश्चर यांना नशिबाचीही साथ होती, आणि ती तापमानाची. हा क्षार सुमारे २७ अंशांच्या खाली उजव्या-डाव्या वेगळ्या स्फटिकांत पडतो. त्याच्या वर त्याच द्रावणातून निराळ्याच घडणीचे स्फटिक येतात, ज्यांच्या प्रत्येक कणात दोन्ही हात असतात. तिथे चिमटा घेऊन बसून काही उपयोग नाही. द्रावण दोन्ही वेळा रेसिमिक, पण खाली बसणारा घन पदार्थ एकसारखा नाही. 'रेसिमिक' एवढंच म्हटल्याने स्फटिकाबद्दल काहीच कळत नाही, ते इथे दिसतं. पुढची नोंद याचीच.

१२ जून

स्फटिकाकडे. रोझेबूम यांनी १८९९ मध्ये प्रावस्था-आकृत्यांवरून (कोणत्या प्रमाणाचं मिश्रण कोणत्या तापमानाला वितळतं ते दाखवणारे आलेख) रेसिमेटचे, म्हणजे रेसिमिक पदार्थाचे, तीन घन प्रकार वेगळे केले आणि ती मांडणी आजही चालते. विद्यार्थ्याला समजावताना चपलांचं उदाहरण दिलं. प्रत्येक खोक्यात एक उजवी आणि एक डावी अशी जोडी असेल, तर तो रेसिमिक संयुग हा प्रकार : एकाच स्फटिकजालकात दोन्ही हात ठरलेल्या जागी. काही खोक्यांत सगळ्या उजव्या आणि काहींत सगळ्या डाव्या असतील तर काँग्लोमरेट. आणि कुठल्याही खोक्यात कुठलीही चप्पल कोंबलेली असेल तर घन द्रावण, ज्याला स्यूडोरेसिमेट असंही म्हणतात. गोदामात तिन्ही वेळा उजव्या-डाव्यांची संख्या सारखीच.

बहुसंख्य पदार्थ पहिल्या प्रकारचे. काँग्लोमरेट साधारण पाच ते दहा टक्के. घन द्रावणं विरळाच.

घोटाळा होतो तो 'रेसिमिक मिश्रण' या शब्दांनी. काही जण ते कोणत्याही रेसिमेटला वापरतात, आणि जुन्या स्फटिकशास्त्रीय लेखनात ते फक्त काँग्लोमरेटसाठी येतं, कारण खऱ्या अर्थाने मिश्रण तेच आहे, दोन तऱ्हेच्या स्फटिकांचं. एकाच जोडशब्दाचे दोन अर्थ, आणि त्यातला एक दुसऱ्याचा छोटा तुकडा. आययूपॅक या रसायनाची परिभाषा ठरवणाऱ्या आंतरराष्ट्रीय संघटनेच्या १९९६ च्या त्रिमितीय रसायनाच्या परिभाषेत हा शब्दप्रयोग टाळावा असं स्पष्ट म्हटलं आहे. पाठ्यपुस्तकं मात्र ऐकायला तयार नाहीत. आमच्या कोशात मुख्य शब्द 'रेसिमेट' ठेवतेय, 'रेसिमिक' त्याचं विशेषण. 'रेसिमिक मिश्रण' फक्त 'पाहा : रेसिमेट' एवढ्यापुरतं.

दुपारी मँडेलिक अम्लावर वितळबिंदू लावले, कारण 'वितळबिंदू रेसिमेटचा आहे' या वाक्याचा अर्थ हातानेच समजतो. शुद्ध एनॅन्शिओमर १३१ ते १३३ अंशांना वितळला, रेसिमेट ११९ ते १२१ ला. इथे विद्यार्थी लगेच म्हणाला, "मॅडम, रेसिमेट खाली वितळतंय म्हणजे काँग्लोमरेट ना? अशुद्धीने वितळबिंदू उतरतो तसं."

"असं वाटतं खरं. पण आता या रेसिमेटमध्ये शुद्ध एनॅन्शिओमरची चिमूट मिसळून लाव बघू."

त्याने खलात घोटून नळीत भरलं. साधारण ११५ च्या आसपासच कडा ओल्या दिसायला लागल्या आणि शेवटचा कण जायला बराच वेळ लागला. बिंदू वर गेला नाही, उतरला. काँग्लोमरेट असतं तर निम्मं-निम्मं हे प्रमाण म्हणजेच आकृतीतला सर्वांत खोल खड्डा. त्यात काहीही मिसळलं तरी वरच चढायला हवं होतं. उतरला, म्हणजे आपण खड्ड्यात नाही, एका छोट्या टेकडीवर उभे आहोत आणि खड्डे तिच्या दोन्ही बाजूंना आहेत. मँडेलिक अम्ल रेसिमिक संयुग आहे. टेकडीची उंची टोकांपेक्षा कमी असू शकते, एवढंच.

ती उंची टोकांपेक्षा जास्तही असते. आयबुप्रोफेनचं रेसिमेट ७५ ते ७८ अंशांना वितळतं, शुद्ध एस प्रकार ५० च्या थोडा वर (दोन एनॅन्शिओमरांना आर आणि एस अशी नावं देतात). टार्टारिकचंही तसंच : एनॅन्शिओमर सुमारे १७० ला, रेसिमिक अम्ल २०६ च्या आसपास. त्यामुळे 'शुद्ध नमुना जास्त तापमानाला वितळतो' हा ठोकताळा इथे गुंडाळून ठेवायचा. काँग्लोमरेटचं रेसिमेट नेहमी एनॅन्शिओमरच्या खाली वितळतं, पण खाली वितळणारं प्रत्येक रेसिमेट काँग्लोमरेट नसतं.

१३ जून

छोटी पुरवणी. घन अवस्थेतला अवरक्त वर्णपट शुद्ध एनॅन्शिओमर आणि रेसिमिक संयुग यांत वेगळा येतो, काँग्लोमरेटमध्ये तोच येतो. पावडर क्ष-किरण आलेखाचंही तसंच. द्रावणात घेतला की फरक मावळतो. शुद्ध एनॅन्शिओमरचा स्फटिक २३० पैकी फक्त ६५ अवकाश गटांतच (स्फटिकांच्या सममितीचे प्रकार) बसू शकतो, कारण आरशाची किंवा व्युत्क्रमणाची सममिती त्याला परवडत नाही. मात्र त्या ६५ पैकी एखादा गट मिळाला म्हणून नमुना एकाच हाताचा आहे असं बेधडक म्हणू नये. दोन्ही हात असूनही अशा गटात स्फटिकणारे पदार्थ अधूनमधून सापडतात, त्यांना क्रिप्टोरेसिमेट म्हणतात. कोशात एवढं खोलात जायचं नाही.

१८ जून

रिझोल्यूशनचा प्रयोग सुरू. १-फिनिलएथिलअमाइन, रेसिमिक, ५ ग्रॅम. सोबत (आर,आर)-टार्टारिक अम्ल ६.२५ ग्रॅम, म्हणजे मोलला मोल. अम्ल सुमारे ९० मिलिलिटर मिथेनॉलमध्ये कोमट करून विरघळवलं आणि अमाइन हळूहळू सोडलं. घाई केली तर उसळतं. अमाइनच्या बाटलीच्या तोंडाशी पांढरी पुटं धरलेली होती. हवेतला कार्बन डायऑक्साइड हे अमाइन लगेच ओढून घेतं, त्याचाच तो क्षार. पुटं बाजूला ठेवून खालचं स्वच्छ द्रव घेतलं.

तत्त्व सोपं आहे. आर आणि एस अमाइन एकमेकांच्या प्रतिमा, म्हणून त्यांची विद्राव्यता सारखी आणि साध्या द्रावकातून ती वेगळी होणार नाहीत. दोघांनाही एकाच हाताचं अम्ल जोडलं की तयार होणारे दोन क्षार एकमेकांच्या प्रतिमा उरत नाहीत, ते डायस्टिरिओमर होतात, आणि डायस्टिरिओमरांची विद्राव्यता सारखी असायचं बंधन नाही. मिथेनॉलमध्ये एस अमाइनचा क्षार कमी विरघळतो, म्हणून तो आधी खाली बसतो. फ्लास्क झाकून ठेवला.

१९ जून

सुया पडल्या. या प्रयोगात सुया म्हणजे वाईट बातमी : बारीक, कापसासारख्या, आणि त्यांत दोन्ही क्षार अडकलेले. हवेत ते जाड, चौकोनी कडांचे प्रिझम. विद्यार्थी गाळायला निघाला होता, त्याला थांबवलं. फ्लास्क पुन्हा कोमट करून सुया जवळजवळ सगळ्या विरघळवल्या, मागच्या खेपेचा ठेवलेला एक प्रिझम बीज म्हणून टाकला आणि फ्लास्क कोणी हलवणार नाही अशा कोपऱ्यात नेला.

२० जून

प्रिझम आले. काचेच्या तळाला घट्ट, टोकदार. गाळणीवर ओतताना खडखड आवाज करणारे. थोड्या थंड मिथेनॉलने धुतले.

गाळून आलेल्या द्रवाला काय म्हणायचं, हा विद्यार्थ्याचा प्रश्न. एस निघून गेल्यामुळे त्यात आर जास्त आहे. रेसिमिक तर नाही, पण शुद्धही नाही. अशा अधल्यामधल्या नमुन्यांना 'स्केलेमिक' असा शब्द आहे. वापरणारे थोडे आहेत, पण गरज खरी आहे. नाही तर लोक 'नॉन-रेसिमिक' म्हणतात आणि ऐकणारा ते 'एनॅन्शिओशुद्ध' असं ऐकतो. कोशात त्याला छोटी स्वतंत्र नोंद द्यावी असं सुचवणार.

२२ जून

क्षारातून सोडिअम हायड्रॉक्साइडने अमाइन मोकळं केलं, डायक्लोरोमिथेनमध्ये ओढून घेतलं, निर्जल सोडिअम सल्फेटवर वाळवलं आणि द्रावक उडवून लावला. शुद्ध द्रव अर्ध्या डेसिमीटरच्या नळीत. वाचन उणे १७.४ अंश.

एस अमाइनचं विशिष्ट घूर्णन (एक डेसिमीटर नळी आणि एकक घनतेला धरून काढलेलं फिरणं) शुद्ध द्रवात उणे ४०.३, घनता ०.९५. म्हणजे याच नळीत पूर्ण शुद्ध नमुन्याने सुमारे उणे १९.१ दाखवायला हवं. भागिले, ९१ टक्के.

या ९१ टक्क्यांकडे 'रेसिमिक' शब्दाच्या बाजूने पाहिलं तर तो शब्द कामाला येतो. एनॅन्शिओमरी आधिक्य म्हणजे दोन हातांच्या टक्केवारीतला फरक; ते ९१ टक्के म्हणजे एस ९५.५ आणि आर ४.५. हे असंही वाचता येतं : ४.५ भाग आर आणि त्याच्या जोडीचे ४.५ भाग एस मिळून ९ भाग रेसिमेट, आणि उरलेले ९१ भाग निव्वळ एस. नमुन्यात हे दोन गट कुठे वेगळे बसलेले नाहीत, हिशेबापुरती ही विभागणी. पण 'अजून ९ टक्के रेसिमेट शिल्लक आहे' असं शुद्धीकरण करणारे म्हणतात ते या अर्थाने. विद्यार्थ्यांना ते '९ टक्के आर' असं ऐकू येतं. नोंदीत हे उदाहरण आकड्यांसकट घातलं.

घूर्णनावरून काढलेली प्रकाशीय शुद्धता आणि खरं आधिक्य हे दर वेळी जुळतातच असं नाही. काही पदार्थांत रेणू द्रावणात जोड्या करतात आणि सरळ प्रमाण मोडतं. म्हणून उजवे-डावे रेणू वेगवेगळे बाहेर सोडणाऱ्या कायरल स्तंभावर गॅस क्रोमॅटोग्राफही काढून घेतला. तोही ९१ च्याच जवळ. एवढं पुरे.

२४ जून

आता क्रिया : रेसिमायझेशन. एनॅन्शिओमरी आधिक्य शून्याकडे सरकणं. इथे दोन वेग आहेत आणि संशोधक त्यांत गल्लत करतात.

शंभर एस रेणू घ्या. त्यातला एक उलटला. आता ९९ आणि १, आधिक्य ९८. रेणू एकच उलटला आणि आधिक्य दोनने पडलं. म्हणून रेसिमायझेशनचा वेगस्थिरांक एका एनॅन्शिओमरचा दुसरा होण्याच्या वेगस्थिरांकाच्या दुप्पट असतो. शोधनिबंधात नुसता 'अर्धायुकाल' दिला आणि कशाचा ते सांगितलं नाही, तर वाचणाऱ्याची दोन पटींची चूक ठरलेली.

आणि 'कपलिंगमध्ये (अ‍ॅमिनो आम्लं एकमेकांना जोडताना) रेसिमाइझ झालं' हे वाक्य? पेप्टाइडमध्ये अनेक कायरल केंद्रं असतात. एका अ‍ॅमिनो आम्लाचं अल्फा केंद्र उलटलं तरी बाकीची जागच्या जागी राहतात, म्हणून तयार होतो तो डायस्टिरिओमर, प्रतिमा नव्हे. काटेकोरपणे हे एपिमरायझेशन. पेप्टाइडवाले तरीही रेसिमायझेशनच म्हणतात आणि म्हणत राहतील. त्यांच्या मनात एकेक केंद्र असतं, अख्खा रेणू नसतो. या वापराला चूक म्हणून हिणवण्यापेक्षा 'पेप्टाइड रसायनात सैल अर्थाने' अशी टीप देणं मला बरं वाटतं. जीवाश्मांचं वय काढणारेही अ‍ॅस्पार्टिक अम्लाबद्दल रेसिमायझेशन म्हणतात ते बरोबर, पण आयसोल्यूसिनचं अ‍ॅलोआयसोल्यूसिन होतं ते एपिमरायझेशन. तिथे समतोलही निम्म्या-निम्म्यावर थांबत नाही, दुसऱ्या बाजूला थोडा झुकतो. दोघे प्रतिमा नाहीत म्हटल्यावर त्यांची ऊर्जा सारखी कशाला असेल?

औषधांमधली दोन उदाहरणं शेजारी ठेवली. आयबुप्रोफेन बहुधा रेसिमेट म्हणून दिलं जातं. काम मुख्यतः एस करतो, आणि शरीरात आरचा काही भाग कोएंझाइम-ए बरोबरच्या थायोएस्टरमार्गे एस होतो, उलट दिशेने मात्र नाही. ही एकेरी वाट आहे, याला रेसिमायझेशन म्हणता येत नाही, व्यत्यास म्हणावं. गर्भातल्या बाळांना अपाय केलेल्या थॅलिडोमाइडचं वेगळं : त्याचे दोन्ही हात शरीरात एकमेकांत बदलत राहतात, हे खरं रेसिमायझेशन. म्हणून 'फक्त आर दिलं असतं तर अपाय टळला असता' हे लोकप्रिय विधान टिकत नाही. आर म्हणून गिळलेली गोळी रक्तात आर राहत नाही. वेष्टनावरचा 'रेसिमिक' हा शेरा गोळीबद्दल आहे, रक्ताबद्दल नाही.

२७ जून

कागदावरची नावं. रॅक आणि रेल.

इफेड्रीनमध्ये दोन कायरल केंद्रं. 'रॅक-(१आर,२एस)' म्हणजे (१आर,२एस) आणि त्याची प्रतिमा (१एस,२आर) दोन्ही समप्रमाणात हजर. 'रेल-(१आर,२एस)' म्हणजे दोन केंद्रांचं एकमेकांशी नातं माहीत आहे, पण नमुन्यात प्रतिमांपैकी कोणती आहे ते सांगितलेलं नाही. एकच असू शकते. पहिलं नमुन्याबद्दलचं विधान, दुसरं आपल्या माहितीबद्दलचं. रचना काढण्याच्या सॉफ्टवेअरमध्ये हाच फरक 'अँड' आणि 'ऑर' या खुणांनी होतो : केंद्राशेजारी 'अँड १' असेल तर दोन्ही आहेत, 'ऑर १' असेल तर यापैकी एक आहे. काहीच खूण न ठेवता नुसती ठळक पाचर (बंध कागदाच्या वर येतो हे दाखवणारी रेघ) काढली तर संगणक तो शुद्ध एनॅन्शिओमर धरतो. रेसिमिक पदार्थाच्या हजारो रचना माहितीसाठ्यांत एकाच हाताच्या म्हणून पडून राहतात त्या अशाच, आणि मग कोणी त्यांवर संगणकीय भाकितं करतं.

इफेड्रीन आणि स्यूडोइफेड्रीन निम्मं-निम्मं मिसळलं तर ते रेसिमिक का नाही, हाही इथेच द्यायचा सराव. ते एकमेकांच्या प्रतिमा नाहीत. आणि लॅबेटॅलॉल या रक्तदाबाच्या औषधात दोन कायरल केंद्रांचे चारही समघटक असतात. त्याला सरसकट 'रेसिमिक' म्हणतात, पण नीट पाहिलं तर ती दोन रेसिमेटांची बेरीज आहे.

३० जून

परीक्षक सरांचे शेरे आले. इतिहासाचा परिच्छेद निम्मा करा, असं अपेक्षेप्रमाणे म्हणतात. केस्टनर आणि बिओ काढते, २७ अंशांचा मजकूर सोडणार नाही. 'रेसिमिक मिश्रण' हा शब्द वाचक शोधतील तेव्हा त्यांना मुख्य नोंदीतच तो का टाळावा हे दिसलं पाहिजे, ही त्यांची सूचना योग्य. एक वाक्य वाढवलं.

शेवटचा शेरा असा : 'उदाहरणात "९९ टक्के शुद्ध रेसिमेट" असे लिहिले आहे. रेसिमेट शुद्ध कसे?'

उत्तर पाठवलं : "सर, तिथली शुद्धता रासायनिक आहे. नमुन्यातले ९९ टक्के रेणू त्याच संयुगाचे आहेत, उरलेल्या एका टक्क्यात द्रावक किंवा दुसरं काही. एनॅन्शिओमरी आधिक्य वेगळ्या मापाने मोजतात, आणि ते इथे शून्य आहे. कायरल स्तंभ तपासायला, रिझोल्यूशनची पद्धत बसवायला असाच नमुना लागतो. आधिक्य चुकून दोन-तीन टक्के असेल तर तो रेसिमेट म्हणून वापरता येत नाही, मग रासायनिक शुद्धता कितीही असो. हवं तर 'रासायनिक शुद्धता ९९ टक्के' असं करते."

सरांनी तसंच करायला सांगितलं. बदल केला, फाइल मुद्रितशोधनाला पाठवली.